शिळा शब्द, ताजं भाषण

"काका, इथल्या दोन मोठ्या पक्षांत फरक काय, हे दोन वर्षं राहूनही मला कळलेलं नाही." डब्लिनहून पुतण्याचा फोन होता. मी श्रीगोंद्याच्या एसटी स्टँडसमोर चहा घेत होतो. शेजारच्या बाकावर पालिकेच्या तिकिटाची चर्चा रंगात आली होती. कोण कुठून कुठे गेला, कोण अजून कुंपणावर बसून आहे, कोणाचं घड्याळ थांबलं आणि कोणाचा बाण भात्यातच राहिला. मी म्हटलं, "बाळा, इथं तरी कुणाला कळतंय?" पण पोरगं गंभीर होतं. तो काम करतो त्या वॉर्डातल्या आयरिश सिस्टरनी त्याला नव्या अध्यक्षाबद्दल विचारलं होतं आणि त्याला काही बोलता आलं नव्हतं.

त्या फोननंतरच्या मंगळवारी, ११ नोव्हेंबर २०२५ला, कॅथरिन कॉनली यांनी आयर्लंडच्या अध्यक्षपदाची शपथ घेतली. अपक्ष बाई, पाठीशी सिन फेनसह झाडून सगळे डावे पक्ष, पहिल्या पसंतीची ६३ टक्के मतं. फिना गेलची उमेदवार तिशीच्या आत अडकली. फिआना फॉलच्या उमेदवाराने तर प्रचाराच्या मध्यावरच अंग काढून घेतलं, मतपत्रिकेवर नाव तेवढं उरलं. शंभर वर्षं आलटूनपालटून राज्य केलेल्या दोन पक्षांची ही गत. बातमी सगळ्यांनी वाचलीच आहे. पुतण्याच्या प्रश्नाचं उत्तर मात्र बातमीत नव्हतं, आणि ते द्यायला मला डब्लिनच्या आधी नगरला जावं लागतं.

फोन आला तो दिवस ९ नोव्हेंबरचा. १९१६ साली याच तारखेला मुंबई हायकोर्टाने टिळकांच्या तीन भाषणांचा निकाल दिला. एक बेळगावचं, दोन नगरची. तिन्ही होमरूलवर. हा शब्द आयर्लंडचा, आणि तिथून तो इथे कोणत्या मुहूर्तावर आला हे पाहिलं की मला दरवेळी थोडं हसू येतं आणि थोडं चरकायला होतं.

तारखा जुळवून पाहा. २४ एप्रिल १९१६, ईस्टरचा सोमवार. डब्लिनच्या मुख्य टपाल कचेरीच्या दारात पॅट्रिक पिअर्सने प्रजासत्ताकाचा जाहीरनामा वाचला आणि बंड उभं राहिलं. शुक्रवारी, २८ तारखेला, ती कचेरी आगीत सापडली आणि बंडवाल्यांना ती सोडावी लागली. शनिवारी शरणागती. आता इकडे या. त्याच शुक्रवारी, २८ एप्रिललाच, बेळगावच्या प्रांतिक परिषदेच्या वेळी टिळकांनी होमरूल लीग स्थापन केली. अध्यक्ष जोसेफ बॅप्टिस्टा, चिटणीस न. चिं. केळकर. शब्द उसना घेतला तोही पुरता पारखून. याच केळकरांनी सात वर्षं आधी ‘आयर्लंडचा इतिहास’ लिहून ठेवला होता.

म्हणजे ज्या दिवशी होमरूलचं आपल्याकडे बारसं झालं, त्याच दिवशी डब्लिनमध्ये त्या शब्दाच्या तिरडीचे बांबू आणायला माणसं निघाली होती. रेडमंडच्या आयरिश संसदीय पक्षाने चाळीस वर्षांच्या खटपटीने होमरूलचा कायदा मिळवला, १९१४ साली तो मंजूरही झाला, आणि महायुद्ध संपेपर्यंत कपाटात पडला. मग बंड. मग ३ ते १२ मे या दहा दिवसांत पंधरा पुढाऱ्यांना गोळ्या घातल्या गेल्या. जेम्स कॉनली जखमांमुळे उभा राहू शकत नव्हता, तर त्याला खुर्चीत बसवून मारला. (नव्या अध्यक्षांचं आडनाव तेच, म्हणून कुणी लगेच वंशावळ काढू नये.) त्यानंतर लोकांच्या तोंडून होमरूल गेलं आणि सिन फेन आलं. गंमत अशी की बंड सिन फेनने केलंच नव्हतं. १९०५ साली आर्थर ग्रिफिथने तो पक्ष काढला तेव्हा त्याच्या मनात ऑस्ट्रिया-हंगेरीसारखं एक राजा आणि दोन राज्यं असं काहीतरी होतं. पण वर्तमानपत्रांनी बंडाला त्याचं नाव चिकटवलं आणि नकळत पक्षाची तिजोरी भरून दिली. १९१८च्या निवडणुकीत आयर्लंडच्या १०५ जागांपैकी ७३ सिन फेनला गेल्या. होमरूलवाल्या पक्षाला सहा.

आणि आपले लोकमान्य मेअखेरीस नगरात, ३१ मे आणि १ जून असे दोन दिवस, होमरूलवर बोलत होते. तिकडे शिळा झालेला शब्द इकडे ताजा. मला विचाराल तर यात टिळकांची चूक नव्हती, हिशेब होता. साठीला आलेला, मंडालेची सहा वर्षं भोगून दोनच वर्षांपूर्वी सुटलेला माणूस. पुन्हा आत जायचं नव्हतं आणि गप्पही बसायचं नव्हतं. होमरूल हा शब्द इंग्रजांच्याच पार्लमेंटात चाळीस वर्षं उच्चारला गेला होता, खुद्द पंतप्रधान ग्लॅडस्टनने त्याची विधेयकं आणली होती. तो उच्चारला म्हणून राजद्रोह कसा ठरवणार?

बेळगाव-नगरच्या भाषणांत त्यांनी युक्तिवाद मांडला तोही गावच्या देवळात कळेल असा. देव तोच राहू द्या, पुजारी बदला. राजा आहे तिथे आहे, मधली नोकरशाही आमच्या हाती द्या. आणि नगरात त्यांनी आणखी एक गोष्ट सांगितली, ती मला सगळ्या होमरूलपेक्षा मोलाची वाटते. परका कोण? धर्म वेगळा म्हणून कुणी परका नव्हे, कातडी गोरी म्हणूनही नव्हे. जो या मुलखाच्या हिताचं करत नाही तो परका. मुसलमान असो की इंग्रज, इथल्या लोकांचं भलं करील तो आपला. निजामशाहीच्या जुन्या राजधानीत हे बोलणं लोकांना नक्कीच नेमकं लागलं असेल. आमच्या श्रीगोंद्यात तर शेख महंमदबाबांचं देवस्थान गावाच्या मधोमध आहे, आम्हाला ते वेगळं समजावून सांगायला नको.

भाषणं सरकारने लघुलेखनात टिपून घेतली. त्यांवरूनच खटला उभा राहिला. २३ जुलैला टिळकांना साठ वर्षं पूर्ण झाली, पुण्यात सत्कार झाला, लाखाची थैली अर्पण झाली, आणि त्याच दिवशी पोलिसांची नोटीस हातात पडली. वर्षभर चांगल्या वर्तणुकीचा जामीन का घेऊ नये म्हणून. मॅजिस्ट्रेट हॅच यांनी वीस हजारांचा जातमुचलका आणि दहा-दहा हजारांचे दोन जामीन मागितले. त्या काळचे चाळीस हजार! टिळकांच्या बाजूने उभे राहिले बॅरिस्टर जिना. त्यांचं म्हणणं साधं होतं: टीका नोकरशाहीवर आहे, कायद्याने स्थापन झालेल्या सरकारवर नाही. म्हणजे पुन्हा तोच देव आणि तोच पुजारी, फक्त बॅरिस्टरी इंग्रजीत. हायकोर्टात न्यायमूर्ती बॅचलर आणि शहा यांनी भाषणं सलग वाचली आणि हॅचचा हुकूम रद्द केला. होमरूल मागणं हा गुन्हा नाही, हे त्या दिवशी ठरल्यासारखंच झालं. पुढच्या एप्रिलपर्यंत लीगचे चौदा हजार सभासद झाले होते.

आयर्लंडचे शब्द आपल्या मातीत इतके सहज का रुजतात, याचं माझ्यापुरतं एक उत्तर आहे. पीक आपल्याकडे आधीच उभं असतं, नाव तेवढं तिकडून येतं. ‘बॉयकॉट’चंच घ्या. १८८० साली मेयो परगण्यात एका जमीनदाराच्या कारभाऱ्याला, कॅप्टन बॉयकॉटला, कुळांनी वाळीत टाकलं, त्यावरून तो शब्द. पण घोड नदीच्या पलीकडे, शिरूर तालुक्यातल्या करड्यात, १८७४च्या अखेरीसच सावकाराला गावाने वाळीत टाकलं होतं. त्याच्या दुकानातून कुणी माल घेईना, शेत कुणी कसेना, न्हावी वस्तरा लावीना. पुढच्या मे महिन्यात सुप्याला दंगा होऊन सावकारांची वह्या-खतं जळाली, आणि ते लोण नगर जिल्ह्यात ज्या तालुक्यांत आलं त्यांत आमचा श्रीगोंदाही होता. इंग्रजीत आज ‘करडे’ हे क्रियापद नाही, याला कारण एवढंच की करड्याच्या मागे लंडनची वर्तमानपत्रं नव्हती.

फरक पडला तो पुढे. तिकडे कुळांच्या लँड लीगमधून पार्नेलचा पक्ष उभा राहिला, शिस्तीचा, निवडणुका जिंकणारा. इकडे दंग्याची चौकशी झाली, अहवाल आला, १८७९चा शेतकरी संरक्षण कायदा आला आणि प्रकरण दप्तरी दाखल झालं. पक्ष काही निघाला नाही.

आता पुतण्याचा प्रश्न. दोन पक्षांत फरक काय? मी त्याला सांगितलं, एका शपथेचा. डिसेंबर १९२१ला सिन फेनच्या पुढाऱ्यांनी ब्रिटनशी तह केला: स्वतंत्र राज्य मिळेल, पण साम्राज्यात राहून, आणि आमदाराने राजाशी निष्ठेची शपथ घ्यायची. त्यांच्यातला मायकेल कॉलिन्स म्हणाला, मिळतंय ते घ्या, उरलेलं त्याच्याच बळावर मिळवू. पक्षातलाच डी व्हॅलेरा म्हणाला, शपथ घेणार नाही. ७ जानेवारी १९२२ला आयरिश प्रतिनिधिसभेत मतदान झालं, ६४ विरुद्ध ५७. मग सख्खे साथीदार एकमेकांवर बंदुका रोखून उभे राहिले. त्या यादवीत ऑगस्टमध्ये कॉलिन्स मारला गेला. तहवाल्यांचा पुढे फिना गेल झाला, आणि डी व्हॅलेराने १९२६ साली सिन फेन सोडून फिआना फॉल काढला.

आणि पुढच्याच वर्षी तो शपथेच्या त्या सभागृहात शिरला. कसा? मला या इतिहासातला हा सर्वांत आवडता प्रसंग. १९२७चा ऑगस्ट. शपथेची वही समोर. डी व्हॅलेराने बायबल उचलून खोलीच्या पार कोपऱ्यात नेऊन ठेवलं, शपथेचा मजकूर कागदांनी झाकला आणि खाली सही केली. ही शपथ नाही, नुसतं कोरडं सूत्र आहे, असं त्याने जाहीर केलं. सहा वर्षांनी, सत्तेत आल्यावर, त्याने ती शपथच कायद्यातून काढून टाकली. थोडक्यात, कॉलिन्सने सांगितलं तेच केलं, फक्त पाच वर्षं उशिरा आणि मधे एक यादवी घडून गेल्यावर. फिआना फॉलवाल्यांना हे वाक्य आवडणार नाही, पण मला ते असंच दिसतं.

आपल्याकडेही वाद हाच होता: आत जायचं की बाहेर राहायचं. टिळकांनी अमृतसरच्या काँग्रेसमध्ये प्रतियोगी सहकारिता मांडली, त्यांच्या मागे गांधींचा बहिष्कार आला, मग कौन्सिलात जाणारा स्वराज्य पक्ष, मग त्यातून १९२६ साली केळकर, जयकर, मुंजे फुटले आणि प्रतियोगी सहकार पक्ष निघाला. वर्षही तेच, फिआना फॉलचं. आयर्लंडचा इतिहास लिहिणाऱ्या केळकरांनी तो वेगळ्या तऱ्हेने जगूनही पाहिला म्हणायचा. तिकडचा पक्ष राज्यकर्ता झाला. इकडचा आज किती वाचकांना आठवतो?

बाकावरच्या मंडळींसाठी एक गोष्ट राखून ठेवली होती. सिन फेन फुटला तेव्हा त्याच्या बँकेतल्या पैशाचं काय झालं? खजिनदारांनी १९२४ साली आठ हजारांवर पौंड कोर्टात भरून हात झटकले. अठरा वर्षांनी उरल्यासुरल्या सिन फेनच्या अध्यक्षा मार्गारेट बकली यांनी दावा लावला: खरा पक्ष आमचाच, पैसे द्या. डी व्हॅलेराच्या सरकारने १९४७ साली कायदा करून तो पैसाच परस्पर वळवायचा घाट घातला. सुप्रीम कोर्टाने तो कायदा घटनाबाह्य ठरवला. मग हायकोर्टात खटला चालला आणि १९४८ साली निकाल लागला: बाईंचा पक्ष म्हणजे जुना सिन फेन नव्हे. तोवर व्याजाने रक्कम फुगली होती, आणि तिचा मोठा भाग वकिलांनी नेला.

बाकावर शांतता पसरली. मग एक जण म्हणाला, "म्हणजे चिन्ह तरी कुणाला मिळालं?" तेव्हा तिकडे चिन्ह नसायचं हे सांगितल्यावर त्यांचा त्या देशातला रसच गेला.

पुतण्याला वराडचीही गोष्ट सांगितली. मालवण तालुक्यातलं गाव, तिथले डॉक्टर अशोक वराडकर आयर्लंडला गेले, आणि त्यांचा डब्लिनला जन्मलेला मुलगा लिओ फिना गेलचा नेता होऊन २०१७ साली पंतप्रधान झाला. २०१९च्या डिसेंबरात तो वराडला येऊन गेला तेव्हा गाव लोटलं होतं. कॉलिन्सच्या वारसांच्या खुर्चीत कोकणातल्या डॉक्टरांचा मुलगा. २०२०मध्ये फिना गेल आणि फिआना फॉल पहिल्यांदा एका सरकारात बसले, तेव्हा फिना गेलचा नेता हाच होता.

"मंगळवारी जाशील का शपथविधीच्या बाजूला? ये बघून," मी म्हटलं.

"नाही काका. उन्हाळ्यात तिकडे टालाट उपनगरात आपल्या एका माणसाला मारहाण झाली ना, तेव्हापासून आम्ही गर्दीत फार जात नाही. वकिलातीनेही जपून राहा म्हणून कळवलं होतं." मग जरा थांबून म्हणाला, "शिवाय माझी रात्रपाळी आहे. सकाळी सहा जणांना आंघोळ घालायची असते, सगळी ऐंशीच्या पुढची."

फोन ठेवला. चहा गार झाला होता. शेजारच्या बाकावर तिकिटाचं अजून ठरलं नव्हतं.