समालोचकाची खुर्ची आणि थेरपिस्टची खोली

सामना पाहताना समालोचक काही क्षण गप्प राहिला तर आपण टीव्हीचा आवाज गेला की काय म्हणून रिमोट शोधतो. सायकोथेरपिस्टच्या खोलीत मात्र उलट असते. तिथे शांतता खपते, कारण बोलायचे असते ते समोरच्या माणसाने.

इंग्लंडमधील गॅरी ब्लूम यांनी ही दोन्ही कामे केली आहेत. चॅनल फोरवरील 'फुटबॉल इटालिया'साठी त्यांनी समालोचन केले, पुढे सायकोथेरपीचे प्रशिक्षण घेतले आणि ऑक्सफर्ड युनायटेड या फुटबॉल क्लबमध्ये खेळाडूंसोबत काम केले. टॉकस्पोर्ट रेडिओवर ते खेळाडूंशी त्यांच्या मनःस्थितीविषयी गप्पाही मारत. अर्थात रेडिओवरची मुलाखत म्हणजे उपचार नव्हे. ती हजारो लोक ऐकतात, थेरपीतले बोलणे मात्र खोलीतच राहायला हवे.

खेळाडूला थेरपिस्ट कशाला लागतो, असे तुम्हाला वाटेल. गुडघ्याचे लिगामेंट फाटलेल्या मुलाचा विचार करा. शस्त्रक्रियेनंतर मैदानावर परतायला अनेकदा नऊ महिने किंवा जास्तही काळ लागतो. तोवर त्याचे मित्र, दिनक्रम, घरातले कौतुक, सगळे थांबते. "मी खेळाडू आहे" एवढीच स्वतःची ओळख असेल तर दुखापत फक्त गुडघ्याला होत नाही. त्यात प्रशिक्षकाला कळले तर संघातून नाव जाईल, ही भीती. म्हणून तो बोलत नाही, चिडचिड करतो, आणि घरचे म्हणतात, "आळशी झालाय."

इथे पालकांना एक गोष्ट जड जाते. फी तुम्ही भरता, पण सेशनमधला प्रत्येक शब्द तुम्हाला कळणार नाही. मूल अल्पवयीन असेल तर पालकांना काय सांगायचे आणि काय नाही, हे थेरपिस्टने सुरुवातीलाच सर्वांसमोर ठरवावे. जिवाला धोका असेल तर मात्र ते लपवले जात नाही. आपल्याकडे २०१७ च्या मानसिक आरोग्यसेवा कायद्यानेही रुग्णाला गोपनीयतेचा हक्क दिला आहे, त्याला असे मोजके अपवाद आहेत. माझे मत विचाराल तर दार बंद झाल्यावर आत काय झाले, हे घरी येताना गाडीत विचारू नका.

कोणाकडे जायचे हा गोंधळ नेहमीचा. सायकिअॅट्रिस्ट हे एमबीबीएस झालेले डॉक्टर असतात, ते औषधे देऊ शकतात. क्लिनिकल सायकॉलॉजिस्टची भारतीय पुनर्वास परिषदेकडे नोंदणी असते. सायकोथेरपी ही बोलण्यातून होणारी उपचारपद्धती आहे, बहुधा आठवड्यातून एकदा, पाऊण तासाच्या आसपास. शिक्षण, प्रशिक्षण आणि नोंदणी विचारायला संकोच करू नका. चांगला थेरपिस्ट त्याचा राग धरत नाही.

उदासी, झोप किंवा भूक बिघडणे, आवडीच्या गोष्टीतला रस जाणे हे दोन आठवड्यांहून जास्त टिकले तर तपासणी करून घ्या. मरणाचा विषय बोलण्यात आला तर दोन आठवडे थांबू नका. त्याला एकटे सोडू नका, जवळच्या रुग्णालयात न्या. 'टेलि-मानस'चा १४४१६ हा मोफत क्रमांक दिवसरात्र चालू असतो, आणि तिथे मराठीत बोलता येते.