इस्लामांतील पंथभेदाचा उगम

मोहरमच्या दहाव्या दिवशीं ताबुतांची मिरवणूक निघते, ती आमच्या वाचकांपैकीं पुष्कळांनीं पाहिली असेल. महाराष्ट्रांतील कित्येक गांवीं हिंदु लोकही ताबुतांस नवस करितात आणि ताबूत थंड करावयाच्या वेळीं सारा गांव पाण्याकडे लोटतो. आतां यांत एक नवल आहे. ज्या हुसेन यांच्या मरणाचें हें स्मरण, त्यांच्याविषयींचा शोक हें शिया पंथाचें मुख्य लक्षण समजतात. परंतु आपल्या प्रांतांत ताबूत बसविणारे मुसलमान बहुतेक सुन्नी आहेत. मग शिया कोण, सुन्नी कोण, आणि त्यांचें वांकडें आलें तें कशावरून, असा प्रश्न एखाद्या विद्यार्थ्यानें विचारला, तर "त्यांच्या धर्मसमजुती निरनिराळ्या" एवढें उत्तर पुरत नाहीं. आमच्या मतें तें उत्तर मुळांतच उलटें आहे. भांडण प्रथम लागलें तें ईश्वराच्या स्वरूपाविषयीं नव्हे, कुराणाविषयींही नव्हे. समाजाचें पुढारीपण कोणाकडे असावें, याविषयीं तें लागलें. समजुतींतील भेद मागाहून आले, आणि त्यांस आजचें रूप यावयास दोनअडीचशें वर्षें लागलीं.

महंमद पैगंबर इ. स. ६३२ मध्यें मदिना शहरीं निवर्तले. त्यांचा एकही पुत्र हयात नव्हता, आणि आपल्यामागें कारभार कोणीं पाहावा याविषयीं सर्वांस सारखीच मान्य होईल अशी आज्ञा मागें राहिली नव्हती. त्यांचे चुलतभाऊ व जांवई अली हे अंत्यविधीच्या तयारींत गुंतले होते. इकडे मदिनेचे मूळ रहिवासी, ज्यांस अन्सार म्हणजे साहाय्यकर्ते म्हणत, ते साइदा कुळाच्या मांडवांत जमले, आणि आपल्यांतील साद इब्न उबादा यांस पुढारी करावें असा विचार करूं लागले. ही वार्ता कळतांच अबू बकर, उमर व अबू उबैदा हे मक्केहून आलेल्यांपैकीं तिघे तेथें त्वरेनें गेले. बराच वाद झाला. दोन पक्षांचे दोन पुढारी असावेत अशीही सूचना निघाली. शेवटीं उमर यांनीं अबू बकर यांच्या हातांत हात देऊन त्यांस निष्ठा वाहिली, आणि बहुतेकांनीं तसेंच केलें. अली त्या सभेस नव्हते.

अलींच्या पक्षाचें म्हणणें असें कीं, त्याच वर्षीं यात्रेहून परततांना घदीर खुम्म नांवाच्या पाणवठ्यावर पैगंबरांनीं अलींचा हात धरून, आपण ज्यांचे 'मौला' त्यांचे अलीही 'मौला', असें सर्वांसमक्ष सांगितलें होतें. ही हकीकत सुन्नी ग्रंथांतही आहे. वाद आहे तो 'मौला' या एका शब्दाचा. अरबींत त्याचा अर्थ स्वामी असाही होतो, आणि स्नेही किंवा पाठीराखा असाही होतो. शिया पहिला अर्थ घेतात, सुन्नी दुसरा घेतात.

तरीपण पहिलीं चोवीस वर्षें फूट पडली नाहीं. अबू बकर यांच्यामागून उमर (६३४ ते ६४४) व त्यांच्यामागून उस्मान (६४४ ते ६५६) खलिफा झाले. इराक, सीरिया, मिसर व इराणचा मोठा भाग अरबांनीं जिंकला. संपत्ति आली, कूफा व बसरा अशीं लष्करी शहरें वसलीं, आणि शिपायांच्या तक्रारीही वाढल्या. उस्मान यांनीं आपल्या उमय्या कुळांतील आप्तांस मोठे अधिकार दिले, असा त्यांजवर मुख्य आरोप होता. ६५६ मध्यें असंतुष्ट लोकांनीं मदिनेस येऊन त्यांच्या घरास वेढा घातला आणि त्या वृद्ध खलिफास ठार मारिलें. उमर यांचाही खून झाला होता, परंतु मारणारा एक परकीय गुलाम होता. येथें मुसलमानांनींच आपल्या खलिफाचा वध केला. तो न्याय कीं अन्याय, या प्रश्नापासून पुढचे सारे पंथ निघाले, असें म्हटलें तरी चालेल.

उस्मान यांच्यामागून अली खलिफा झाले, पण त्यांस एक दिवसही स्वस्थता लाभली नाहीं. उस्मान यांच्या खुनाची दाद मागण्यासाठीं पैगंबरांच्या पत्नी आयेशा, तसेंच तल्हा व जुबैर हे जुने सोबती बसऱ्याजवळ त्यांच्याशीं लढले. आयेशा उंटावरील मेण्यांत बसल्या होत्या, म्हणून त्या लढाईस उंटाची लढाई म्हणतात. तींत अलींचा जय झाला. पण सीरियाचा सुभेदार मुआविया हा उस्मान यांचा भाऊबंद होता. खुन्यांस शासन झाल्यावांचून आपण निष्ठा वाहणार नाहीं, असें त्यानें कळविलें. ६५७ सालीं युफ्रेटिस नदीच्या कांठीं सिफ्फीन येथें दोन्ही सैन्यें भिडलीं.

येथें जें घडलें तें सावकाश पाहिलें पाहिजे. लढाई अलींच्या बाजूस झुकूं लागली, तेव्हां सीरियाच्या शिपायांनीं भाल्यांच्या टोकांस कुराणाच्या प्रती बांधून त्या उंच धरिल्या. आपल्यामधील निवाडा या ग्रंथाप्रमाणें व्हावा, असा त्याचा अर्थ. अलींनीं हा डाव ओळखला. परंतु त्यांच्याच सैन्यांतील धार्मिक लोकांनीं ग्रंथाविरुद्ध शस्त्र धरण्याचें नाकारिलें, आणि त्यांस लढाई थांबवावी लागली. दोन पंच नेमण्याचें ठरलें. करारपत्र लिहितांना अलींच्या नांवामागें 'श्रद्धावंतांचा अधिपति' ही पदवी घातली होती, तीस मुआवियाच्या पक्षानें हरकत घेतली. ही पदवी आम्ही मानीत असतों तर लढलोंच नसतों, असें त्यांचें म्हणणें. अलींनीं ती खोडूं दिली.

मग अलींच्याच छावणींत उलट ओरड झाली. निवाडा करण्याचा अधिकार एका ईश्वराचा, तो माणसांच्या हातीं दिला हें पाप झालें, असें म्हणून कांहीं हजार लोक सैन्य सोडून निघाले. त्यांस खारिजी म्हणजे बाहेर पडलेले असें नांव पडलें. लढाई थांबवावी म्हणून आग्रह करणाऱ्यांपैकींच कित्येक यांत होते. अली म्हणाले कीं यांचें वाक्य खरें आहे, पण तें लाविलें आहे खोट्या कामास. तरी त्यांस मशिदींत येण्याची बंदी करावयाची नाहीं, त्यांचा तनखा तोडावयाचा नाहीं, आणि ते रक्त सांडीपर्यंत त्यांच्याशीं लढावयाचें नाहीं, असें त्यांनीं ठरविलें होतें.

खारिजी हे ढोंगी किंवा लुटारू नव्हते, हें वाचकांनीं ध्यानांत ठेवावें. रात्र रात्र प्रार्थना करून कपाळास घट्टे पडलेले असे ते लोक. अरब इतिहासकारांनीं त्यांची एक गोष्ट सांगितली आहे. त्यांच्या एका टोळीनें पैगंबरांच्या एका सोबत्याचा मुलगा अब्दुल्ला इब्न खब्बाब यास वाटेंत पकडलें. त्याला घेऊन जात असतां झाडाखालीं पडलेला एक खजूर त्यांच्यांतील एकानें तोंडांत घातला. मालकास पैसे दिल्यावांचून खाणें हें पाप, असें इतरांनीं म्हणतांच त्यानें तो थुंकून टाकिला. दुसऱ्यानें एका मुसलमानेतर प्रजाजनाचें डुक्कर सहज मारिलें, तेव्हां धन्यास भरपाई देऊन त्याची क्षमा मागण्यांत आली. मग अब्दुल्लास अलींविषयीं मत विचारिलें. त्यानें चांगलें मत दिलें. त्याबरोबर त्यांनीं त्यास नदीच्या कांठीं नेऊन मारिलें, आणि त्याच्या गरोदर पत्नीसही सोडिलें नाहीं. खजूर परक्याचा म्हणून थुंकणारे हे हात. त्यांच्या हिशेबीं अब्दुल्ला आपल्या धर्माचा राहिलाच नव्हता, आणि मुसलमानेतर प्रजेस जें अभय होतें तें धर्म सोडणाऱ्यास नव्हतें.

६५८ मध्यें नहरवान येथें अलींनीं त्यांचा मोड केला. परंतु ६६१ च्या जानेवारींत कूफ्याच्या मशिदींत एका खारिजानेंच अलींवर विषारी तरवारीचा वार केला, आणि दोन दिवसांनीं ते वारले. त्यांचे वडील पुत्र हसन यांनीं राज्यावरचा हक्क सोडला, व मुआविया सर्वांचा खलिफा झाला.

तेव्हांच्या लोकांस हे भेद आजच्यासारखे वाटत नव्हते, याचें एक चिन्ह दगडावर राहिलें आहे. गालील समुद्राच्या आग्नेयेस हम्मत गादेर येथें उन्हाळ्यांचीं जुनीं स्नानगृहें आहेत. त्यांच्या दुरुस्तीचा ६६२ सालचा ग्रीक शिलालेख तेथें सांपडला. त्यांत मुआवियास 'श्रद्धावंतांचा अधिपति' म्हटलें आहे, आणि लेखाच्या आरंभीं ख्रिस्ती क्रूस कोरिला आहे. अलींच्या नांवामागून खोडलेली पदवी पांच वर्षांनीं मुआवियाच्या नांवास लागलेली पाहून मन क्षणभर थबकतें. 'शिया' या शब्दाचाही मूळ अर्थ केवळ पक्ष असा आहे. त्या काळीं जशी अलींची शिया होती तशी उस्मान यांचीही होती.

अलींच्या पक्षाचा पंथ झाला तो करबलेमुळें. ६८० मध्यें मुआविया मरण पावला व त्याचा पुत्र यझीद गादीवर बसला. बापामागें मुलगा, हा प्रकार नवा होता. अलींचे धाकटे पुत्र हुसेन यांनीं यझीदास निष्ठा वाहिली नाहीं. कूफ्याच्या लोकांनीं पत्रांवर पत्रें पाठवून त्यांस बोलाविलें. ते बायकामुलांसह मक्केहून निघाले. आणि इतक्यांत यझीदाच्या सुभेदारानें कूफा आपल्या मुठींत घेतला. बोलाविणारे घरांत बसले. करबलेच्या मैदानांत हजारोंच्या सैन्यानें हुसेन यांस अडविलें व नदीचें पाणी तोडिलें. १० ऑक्टोबर ६८० रोजीं, म्हणजे मोहरमच्या दहाव्या दिवशीं, ते आपल्या सोबत्यांसह मारले गेले. सोबत्यांची संख्या परंपरेनें बहात्तर सांगतात. ज्या हुर नांवाच्या सरदारानें त्यांची वाट प्रथम अडविली, तोच त्या सकाळीं आपला पक्ष सोडून हुसेन यांच्या बाजूस येऊन लढला व पडला. यझीदाच्या या कृत्याचा सुन्नी लोकांसही खेद आहे.

चार वर्षांनीं कूफ्यांतील कांहीं वयस्क मंडळी एकत्र जमली. हुसेन यांस बोलावून आपण त्यांस दगा दिला, याचें शल्य त्यांस जाळीत होतें. त्यांनीं स्वतःस 'पश्चात्तापी' असें नांव घेतलें, हुसेन यांच्या कबरेवर जाऊन विलाप केला, आणि तेथून मोठ्या सैन्यावर चाल करून ६८५ च्या आरंभीं ते बहुतेक सारे कामास आले. त्यांस राज्य मिळवावयाचें नव्हतें. पक्षाचा पंथ कोठें झाला असें कोणी विचारलें, तर आम्ही या कबरेकडे बोट दाखवूं.

इकडे खारिजांनीं काढलेला प्रश्न जागाच होता : मोठें पाप केलेला मनुष्य मुसलमान राहतो कीं नाहीं? अझ्रकी नांवाचे जहाल खारिजी म्हणाले, राहत नाहीं, आणि आमच्याबरोबर न निघतां घरीं बसणाराही राहत नाहीं. त्यांच्यांतील सौम्य शाखा इबादी; इतर मुसलमानांशीं लग्नव्यवहार व वारसा चालूं शकतो, असें तिचें मत. अझ्रकी लढून नष्ट झाले. इबादी ओमान देशांत आजही नांदत आहेत. याच्या उलट मुर्जिया नांवाचे लोक निघाले. 'इर्जा' म्हणजे पुढें ढकलणें. उस्मान बरोबर कीं अली बरोबर, याचा निकाल आम्ही देत नाहीं, तो ईश्वर देईल; मनुष्य पापी असेल, तरी श्रद्धा आहे तोंवर तो आपल्यांतलाच, असें ते म्हणत. जुलमी राजांस ही शिकवण सोयीची झाली, असा त्यांजवर आक्षेप आहे, व तो अगदीं निराधार नाहीं. परंतु खोरासानांत नव्यानें मुसलमान झालेल्यांकडून मुसलमानेतरांचा कर वसूल होत असे, त्याविरुद्ध ७३४ मध्यें हारिस इब्न सुरैज यानें बंड उभारिलें, तेव्हां हेच लोक त्याच्या बाजूस होते. प्रसिद्ध धर्मशास्त्री अबू हनीफा यांचें मतही पुष्कळसें असेंच होतें.

पुढें शियांत कोणता वंशज इमाम मानावा यावरून शाखा झाल्या. हुसेन यांचे नातू झैद ७४० मध्यें कूफ्यास लढतांना पडले, त्यांना मानणारे झैदी. सहावे इमाम जाफर सादिक ७६५ मध्यें वारले, तेव्हां त्यांचे पुत्र इस्माइल यांच्या वंशास मानणारे इस्माइली झाले. मूसा यांच्या वंशास मानून बारा इमामांपर्यंत गेलेले ते इस्नाअशरी. सुन्नी हें नांवही आपोआप आलेलें नाहीं. अली हे चौथे योग्य खलिफा कीं नव्हत, याविषयीं पुढें सुन्नी म्हणविणाऱ्यांतच दीर्घकाळ एकमत नव्हतें. ८५५ मध्यें वारलेले अहमद इब्न हंबल यांच्यासारख्या विद्वानांनीं चौघांसही मान्य केलें, आणि त्या पहिल्या लढायांतील दोन्ही बाजूंच्या सोबत्यांस दोष देऊं नये, हें मत रूढ झालें. ज्यांनीं एकमेकांवर तरवार धरिली त्या सर्वांस एकाच प्रार्थनेंत स्मरणें, ही तडजोड दोन शतकांच्या रक्तपातानंतरची आहे.

हें सारें दूर देशींचें व फार जुनें वाटेल. पण १८६६ मध्यें मुंबईच्या हायकोर्टापुढें एक खटला चालला. खोजे या व्यापारी जातींतील कांहीं मंडळींचें म्हणणें असें कीं आपली जात सुन्नी आहे, आणि इराणांतून आलेल्या आगाखानांचा तिच्यावर अधिकार नाहीं. न्यायमूर्ति सर जोसेफ आर्नोल्ड यांस पैगंबरांच्या वारसाचा मूळ वादच कोर्टांत उलगडावा लागला. खोजे हे मूळचे हिंदु, त्यांस पीर सदरुद्दीन यांनीं इस्माइली शिया पंथांत घेतलें, व आगाखान हेच त्यांचे इमाम, असा त्यांनीं निकाल दिला. निकालानंतरही खोज्यांतील कांहीं कुटुंबें सुन्नी म्हणून वेगळीं झालीं, आणि पुढें कांहीं इस्नाअशरी म्हणून.