पोराच्या अंडकोषातल्या शिरा फुगल्यात? लपवू नका

मायबापहो, वयात येणारी पोरं हे लाजेनं सांगत नाहीत. बहुतेक डाव्या बाजूला, अंडकोषाच्या वर शिरा फुगतात. हाताला गळाच्या गांडुळांची पुडी लागल्यासारखं वाटतं. उभं राहिलं की दिसतं, आडवं झालं की ओसरतं. हेच व्हेरिकोसील. 100 पैकी सुमारे 15 पोरांना होतं.

बहुतेकांना ऑपरेशन लागत नाही, पण दरवर्षी डॉक्टरांना दाखवा. गोटी लहान राहिली किंवा दुखणं थांबेना, तर ऑपरेशन लागू शकतं. पुढे मूल होण्याचा प्रश्न असतो. फक्त उजवीकडे असेल किंवा आडवं होऊनही ओसरत नसेल, तर सोनोग्राफी करा.

अचानक जोरात दुखलं तर गोटी पिळली असू शकते. 6 तासांच्या आत आदिलाबादच्या रिम्सला न्या. जाळं उद्याही टाकता येईल.