‘अमेरिकन फुटबॉल’ : एका बँडची ध्वनिमुद्रणे

आजच्या विषयाचे नाव वाचून येथे एखाद्या खेळाविषयी काही सांगितले जाणार आहे, अशी कोणाची समजूत झाली असल्यास तिचा प्रथमच निरास केला पाहिजे. ‘अमेरिकन फुटबॉल’ हे एका बँडचे नाव आहे, आणि त्या खेळाशी या मंडळींचा नावापलीकडे काही संबंध नाही. गोंधळात भर अशी की, १९९८ ते २०१९ या काळात या बँडने एक छोटे आणि तीन मोठी अशी जी चार मुद्रणे काढली, त्या चारींनाही बँडचेच नाव आहे. दुसरे शीर्षक कशालाच नाही. ऐकणारे त्यांना पहिली, दुसरी, तिसरी तबकडी असे म्हणून वेळ निभावतात. चारींत मिळून २९ रचना आहेत. सगळे ऐकून संपवायला अडीच तासही लागत नाहीत.

एवढ्या थोडक्या सामग्रीवर व्याख्यान कशाला, असे कोणी विचारील. आमचे उत्तर असे की, या अडीच तासांत दोन प्रश्न दडलेले आहेत. पहिली मोठी तबकडी निघाली त्या सुमारास हा बँड मोडण्याच्या वाटेवर होता. मग पंधरा वर्षांनी ती परक्या लोकांना आपली कशी वाटू लागली? आणि बाविसाव्या वर्षी माणसाला जो सूर लागतो, तो चाळिशीच्या उंबरठ्यावर पुन्हा लागतो काय?

प्रथम या संगीताच्या जातकुळीविषयी दोन शब्द. १९८० नंतरच्या काळात वॉशिंग्टन शहरात हार्डकोर पंक नावाचे संगीत जोरात होते. गाणी आखूड, लय भरधाव, आवाज कर्कश, आणि रोष बहुधा समाजावर व सरकारवर. १९८५ साली ‘राइट्स ऑफ स्प्रिंग’ या बँडची जी तबकडी निघाली तिच्यात हा जोर तसाच राहिला. मात्र त्याचे तोंड आत वळले. गाणारा जगावर ओरडण्याऐवजी स्वतःच्या गमावलेल्या गोष्टींविषयी बोलू लागला. या प्रकाराला कोणी तरी ‘इमोशनल हार्डकोर’ म्हटले आणि त्याचे आखूड रूप झाले ‘इमो’. ज्यांना हे नाव चिकटले त्यांना ते कधीच आवडले नाही. आपल्याकडे ‘भावगीत’ या शब्दात भाव मानाने बसला आहे. तिकडे तोच शब्द चिडवण्यासाठी वापरला गेला. पुढे २००० नंतर काळे कपडे आणि डोळ्यांवर आलेले केस अशा वेषाशी हा शब्द जोडला गेला. परंतु मधल्या दशकात, शिकागो आणि त्याच्या आसपासच्या मध्य-पश्चिम राज्यांत, या संगीताला एक वेगळे, शांत वळण लागले होते. आपला बँड त्या वळणावरचा आहे.

इलिनॉय राज्यातील अर्बाना आणि शॅम्पेन ही जोडशहरे विद्यापीठामुळे ओळखली जातात. तेथे १९९७ साली तीन विद्यार्थी एकत्र आले. माइक किन्सेला गात असे व गिटार वाजवीत असे. स्टीव्ह होम्स दुसऱ्या गिटारवर. आणि स्टीव्ह लॅमोस ड्रमवर. लॅमोस ट्रम्पेटही वाजवी. किन्सेलाने त्याआधी, शाळकरी वयात, भाऊ टिम याच्याबरोबर ‘कॅप्न जॅझ’ या बँडमध्ये ड्रम वाजवले होते. तो बँड धसमुसळा होता. येथे त्याने आवाज उतरवला.

१९९८ साली पॉलिव्हिनिल या इलिनॉयमधीलच छोट्या कंपनीने त्यांची तीन रचनांची तबकडी काढली. पुढच्या वर्षी, सप्टेंबर १९९९ मध्ये, नऊ रचनांची मोठी तबकडी निघाली. ती अर्बाना येथेच मुद्रित झाली. ही सगळी मिळून चाळीसएक मिनिटे. नऊपैकी दोन रचनांत गाणे नाहीच. नुसती वाद्ये आहेत. शिक्षण संपले, मंडळी पांगली, आणि वर्षभरात बँड राहिला नाही. त्यात भांडण नव्हते, निरोपाचा समारंभही नव्हता. कॉलेजातील नाटकमंडळी परीक्षेनंतर जशी आपोआप विरते तसेच हे झाले.

आता त्या तबकडीत असे काय आहे, ते पाहू. आपल्यापैकी अनेकांचा कान रागसंगीतावर तयार झालेला आहे. त्याच वाटेने गेल्यास उलगडा लवकर होईल. गिटारच्या सहा तारा सामान्यतः खालून वर ई, ए, डी, जी, बी, ई अशा लावतात. या मंडळींनी ‘नेव्हर मेन्ट’ या पहिल्याच गाण्यासाठी त्या एफ, ए, सी, जी, सी, ई अशा लावल्या. एफला षड्ज माना, म्हणजे तारा बोलतात : सा, ग, प, रे, प, नी; सर्व स्वर शुद्ध. बोट कोठेही न ठेवता नुसती तार छेडली तरी एक भरलेली, गोड स्वरसंगती उभी राहते, जशी जुळलेल्या तंबोऱ्यातून उभी राहते. परंतु एक फरक लक्षात घ्या. तंबोऱ्यात प्रत्येक आवर्तन षड्जावर येऊन विसावते. येथे षड्ज फक्त सर्वांत खालच्या तारेत आहे. सर्वांत वरची तार निषादावर उभी आहे, म्हणजे वरच्या षड्जाच्या अगदी दारात. ती आत जात नाही. या संगीतात गोडवा असूनही जी हुरहुर राहते, तिचे एक कारण शब्दांत नसून या तारेत आहे, असे आम्हाला वाटते.

दुसरे कारण लयीत आहे. रॉक संगीत म्हटले की चार मात्रांचा ठोका, असा सर्वसाधारण समज आहे आणि तो बराचसा खरा आहे. येथे मात्र मोजणी वारंवार बदलते, आणि दोन गिटारी एकाच वेळी वेगवेगळ्या लांबीचे तुकडे वाजवतात. समजा, एकीचा तुकडा चार मात्रांचा आणि दुसरीचा पाचांचा आहे. दोघी एकदम निघाल्या तर वीस मात्रांनंतरच पुन्हा एकत्र येतील. मधल्या काळात त्या एकमेकींशी बोलत असल्यासारख्या वाटतात, परंतु बोलणे जुळत नाही. अमेरिकन रचनाकार स्टीव्ह राइक यांच्या, पुनरावृत्तीवर उभ्या असलेल्या संगीताचा आपल्यावर प्रभाव असल्याचे या मंडळींनी स्वतः सांगितले आहे. दुरावलेल्या दोघांविषयी गाणे आणि दुरावलेल्या दोन गिटारी, असा हा मेळ आहे. त्यावर अधूनमधून लॅमोसचा ट्रम्पेट येतो, तो रणवाद्याच्या थाटात नव्हे, तर संध्याकाळी लांबून हाक यावी तसा.

शब्द मोजके आहेत. उन्हाळा संपला, गाव सोडायचे, नाते तुटले, आणि जे बोलायला हवे होते ते राहून गेले, विषय एवढाच. त्यात मोठे काव्य आहे असे आम्ही म्हणणार नाही. काही ओळी डायरीत लिहून ठेवाव्यात इतक्या कच्च्या आहेत. पण गाणारा त्या सजवीत नाही, आणि आवाज चढवूनही म्हणत नाही. म्हणून त्या खोट्या वाटत नाहीत.

तबकडीच्या वेष्टनावर क्रिस स्ट्राँग यांनी टिपलेले छायाचित्र आहे : अर्बानाच्या हाय स्ट्रीटवरील एक साधे पांढरे लाकडी घर, रात्रीची वेळ, वरच्या खिडकीत दिवा. चित्रात माणूस नाही. विद्यार्थी भाड्याने राहतात तशा घरांपैकी ते एक.

यानंतर चौदा वर्षे काही नाही. किन्सेला ‘ओवेन’ या नावाने एकट्याची गाणी काढीत राहिला. इतर दोघे आपापल्या उद्योगाला लागले. तबकडी मात्र थांबली नाही. इंटरनेटवरून गाणी एकमेकांना देण्याची सोय झाली होती. वीस वर्षांची मुले ती दुसऱ्या वीस वर्षांच्या मुलांना देत राहिली. गिटार शिकणारे ते सा-ग-प-रे-प-नी जुळवून बसू लागले. जाहिरात नव्हती, दौरे नव्हते, मुलाखती नव्हत्या. ऐकणाऱ्याने दुसऱ्याला ऐकवले, एवढेच घडले. बँड मोडल्यामुळे एक गोष्ट साधली : या तबकडीचे वय वाढले नाही. प्रत्येक नव्या ऐकणाऱ्याला ती आपल्याच निरोपाच्या वर्षी निघालेली वाटली.

२०१४ साली कंपनीने ती नव्याने काढली, आणि मंडळी पुन्हा व्यासपीठावर आली. माइकचा चुलतभाऊ नेट किन्सेला बास गिटारवर आला. न्यूयॉर्कच्या मोठ्या सभागृहात ओळीने कार्यक्रम झाले. ज्यांनी विद्यार्थिदशेत मूठभर लोकांपुढे वाजवले होते, त्यांच्यापुढे आता शब्दन् शब्द पाठ असलेली गर्दी उभी होती.

ऑक्टोबर २०१६ मध्ये दुसरी तबकडी आली. वेष्टनावर तेच घर, पण आतून. येथे आमचे मत थोडे प्रतिकूल आहे. वादन अधिक सफाईचे, गळा अधिक तयार, मुद्रण स्वच्छ; पण काही गाणी पहिल्या तबकडीची आठवण काढण्यासाठी केल्यासारखी वाटतात. बायको, मुले, वडील, मद्य असे विषय आले. सूर मात्र जुन्याच खोलीत फिरत राहिला. घरात परत जाता येते, वयात जाता येत नाही, हे त्या तबकडीने नकळत दाखवले.

मार्च २०१९ मध्ये आलेल्या तिसऱ्या तबकडीने ही कोंडी फोडली. वेष्टनावर आता घर नाही. मोकळे रान आहे. फक्त आठ रचना, पण प्रत्येक लांब आणि सावकाश. आरंभीच व्हायब्राफोनचे किणकिणते स्वर येतात. एलिझाबेथ पॉवेल, हेली विल्यम्स आणि रेचेल गॉसवेल या तीन गायिका एकेका गाण्यात साथीला आहेत. त्यामुळे जो माणूस वीस वर्षे एकटाच आपली बाजू मांडीत होता, त्याला प्रथमच दुसऱ्या बाजूचा आवाज मिळाला. गाणारा आता इतरांनी आपले काय केले हे विचारीत नाही. आपण इतरांचे काय केले हे विचारतो. आमच्या दुसऱ्या प्रश्नाचे उत्तर येथे मिळते. बाविसाव्या वर्षाचा सूर पुन्हा लागत नाही. पण त्याचा हट्ट सोडला तर चाळिशीचा सूर लागू शकतो.

शेवटी त्या घराविषयी. ते पाडले जाण्याची शक्यता दिसू लागली, तेव्हा २०२३ साली हा बँड, त्यांची कंपनी, छायाचित्रकार स्ट्राँग आणि आणखी काहीजण यांनी मिळून ते विकत घेतले. तोवर लांबून आलेली माणसे त्याच्यासमोर उभी राहून छायाचित्रे काढून घेऊ लागली होती. त्या घरात कोणी थोर पुरुष जन्मला नव्हता. तेथे कोणता करार झाला नव्हता. एका रात्री खिडकीत दिवा होता आणि कोणी तरी तो टिपला, एवढीच त्याची थोरवी.

पहिल्या प्रश्नाचे उत्तरही आम्हाला येथेच दिसते. त्या तिघांनी विरण्यापूर्वी चार पैसे आणि थोडे दिवस खर्चून आपले काम नीट मुद्रित करून ठेवले. कोणासाठी, हे त्यांना ठाऊक नव्हते. प्रत्येक गावात अशी मंडळी असतात, जी दोन-तीन वर्षे मनापासून काही करतात आणि पांगतात. त्यांतले सगळेच टिकण्याजोगे नसते. परंतु जे नोंदलेच गेले नाही, त्याच्याविषयी पुढच्यांना निवाडाही करता येत नाही. नोंद करणे आपल्या हाती आहे. ऐकणारा केव्हा येईल ते त्याचे त्याने पाहावे.