चोवीस वर्षांतून एकदाच मिळणारा केक

‘लॉर्ड ऑफ द रिंग्ज’ बघितलेल्या कुणालाही ‘लेम्बास’ म्हणजे काय ते विचारा. एवढासा एक घास, आणि मोठ्या माणसाचं पोट भरतं, असं सिनेमात लेगोलास सांगतो. हॉस्टेलवाल्यांना या पदार्थाचं मोल वेगळं सांगायला नको! टॉल्किनच्या टिपणांमध्ये मात्र सिनेमात न आलेली एक गोष्ट आहे. लेम्बास करायची ती एल्फ स्त्रियांनीच, आणि ती जपून ठेवण्याचा आणि कुणाला द्यायची ते ठरवण्याचा मान राणीचा. राणीला नावच होतं, ‘भाकर देणारी’. म्हणजे गॅलाड्रिएलच्या राज्यातून निघताना फ्रोडोच्या टोळीला मिळालेली ती पुडकी म्हणजे नुसता प्रवासाचा डबा नव्हता.

पण याच टॉल्किनने आणखी एक जादूचा पदार्थ लिहिलाय आणि तो फारच कमी जणांना माहीत असतो. ‘स्मिथ ऑफ वूटन मेजर’ या छोट्याशा पुस्तकातला ‘ग्रेट केक’. एका बसमध्ये चढून उतरेपर्यंत वाचून होईल एवढंच पुस्तक. (पुढे सगळी गोष्ट सांगतेय. आधी स्वतः वाचायची असेल तर पान उलटा, मी रागावणार नाही.)

वूटन मेजर हे गाव स्वयंपाकासाठी प्रसिद्ध. गावच्या मालकीचं मोठं स्वयंपाकघर आणि त्याचा प्रमुख म्हणजे ‘मास्टर कुक’, गावातला वजनदार माणूस. त्याची खरी परीक्षा चोवीस वर्षांतून एकदा. भर हिवाळ्यात एक मेजवानी असते, आमंत्रण फक्त चोवीस मुलांना आणि पानात ग्रेट केक. गणित करून बघा. बहुतेक आचाऱ्यांच्या वाट्याला आयुष्यात असा एकच केक येणार. आणि मुलांचं काय? चुकीच्या वर्षी जन्मलात तर संपलंच. काही लायक मुलं राहून जातात, काही नालायक घुसतात, हेही टॉल्किन सरळ सांगून टाकतो. अ‍ॅडमिशनच्या कटऑफमधून गेलेल्यांना हे गाव लगेच ओळखीचं वाटेल.

गोष्टीच्या वेळचा मास्टर कुक आहे नोक्स. आधीचा आचारी अचानक निघून गेला म्हणून खुर्चीवर बसलेला. येत फारसं काही नाही, पण रुबाब पूर्ण. आल्फ नावाच्या पोरसवदा मदतनीसाचं काम चोरून बघायचं आणि नंतर आपलंच म्हणून मिरवायचं. असा एक नोक्स प्रत्येक कॉलेजच्या गॅदरिंग कमिटीत असतो, नाव घ्यायची गरज नाही.

नोक्सची केकबद्दलची कल्पना ठरलेली आहे. लहान मुलांचा केक म्हणजे गोड, भरपूर आयसिंगचा, आणि वर साखरेच्या टोकावर हातात छडी घेतलेली परीची बाहुली. परी म्हणजे त्याच्या लेखी एवढंच. केकमध्ये घालायच्या बारीकसारीक वस्तू शोधताना त्याला जुन्या डब्यात एक काळवंडलेली चांदणी सापडते. ‘ही परीराज्यातली आहे,’ असं आल्फ गंभीरपणे सांगतो. नोक्स हसत सुटतो आणि चांदणी पिठात टाकतो.

केकमध्ये वस्तू दडवण्याची ही पद्धत टॉल्किनने हवेतून आणलेली नाही. फ्रान्समध्ये आजही ६ जानेवारीच्या सुमारास ‘गालेत द रुआ’ नावाची पेस्ट्री कापतात. आत एक छोटी वस्तू असते, पूर्वी वालाचा दाणा असायचा. ज्याच्या तुकड्यात ती निघेल तो त्या दिवसाचा राजा. घरातलं सगळ्यात लहान मूल टेबलाखाली बसून कुठला तुकडा कुणाचा ते ओरडून सांगतं, म्हणजे वशिल्याला जागाच नको.

वूटन मेजरच्या मेजवानीत कुणाला एक वस्तू मिळते, कुणाला दोन, काहींना काहीच नाही. चांदणी तर कुणालाच सापडत नाही. कारण लोहाराच्या मुलाने ती नकळत गिळलेली असते. महिने जातात. दहाव्या वाढदिवसाच्या पहाटे तो पक्ष्यांचे आवाज ऐकत गाऊ लागतो आणि चांदणी तोंडातून बाहेर पडते. तो ती झेलून कपाळाला लावतो आणि ती तिथेच बसते. मोठा होऊन तो बापासारखा लोहारच होतो, लग्न करतो, मुलं होतात. फक्त मधूनमधून त्याला परीराज्यात जाता येतं.

हे परीराज्य गोड अजिबात नाही. तिथे भीती आहे, दुःख आहे, माणसाला न समजणाऱ्या गोष्टी आहेत. एकदा तो तिथल्या राणीसमोर उभा असतो आणि त्याला केकवरची ती बाहुली आठवते. शरमेने मान खाली जाते. राणी त्याला म्हणते, लाजू नकोस. काहींना तेवढीच झलक मिळते, आणि काहीच नसण्यापेक्षा ती बरी. फॅन्टसी वाचतो म्हणून ‘अजून लहान आहेस का?’ हे ऐकलेल्या प्रत्येकाने हा प्रसंग वाचावा, असं मला वाटतं.

गंमत म्हणजे टॉल्किनला ही गोष्ट लिहायचीच नव्हती. जॉर्ज मॅकडोनाल्डच्या ‘द गोल्डन की’ला प्रस्तावना लिहायचं काम त्याच्याकडे आलं होतं. परीकथेतल्या ‘परी’चा अर्थ लोक कसा पातळ करून टाकतात ते समजवायला त्याने केक करणाऱ्या एका आचाऱ्याचं उदाहरण घेतलं. उदाहरण वाढतच गेलं आणि प्रस्तावना राहिली ती राहिलीच. पुस्तक १९६७ मध्ये आलं, नार्नियाची चित्रं काढणाऱ्या पॉलिन बेन्सच्याच चित्रांसह. टॉल्किन तेव्हा ७५ वर्षांचा होता.

त्याचं वय मुद्दाम सांगितलं, कारण पुढचा भाग तरुण लेखकाला सुचला नसता असं वाटतं. अनेक वर्षांनी आल्फ लोहाराला सांगतो, चांदणी परत करायची वेळ झाली. ती त्याच्या मालकीची कधीच नव्हती. लोहाराला राग येतो, रडू येतं. शेवटी तो स्वतःच्या हाताने ती डब्यात ठेवतो. ती पुढे कुणाला मिळावी हे सुचवण्याची मुभा त्याला मिळते, आणि तो नाव घेतो ते नोक्सच्या पणतूचं, छोट्या टिमचं. चांदणीला हसणाऱ्या त्याच माणसाच्या घरातलं पोर!

यावेळचा केक आल्फ करतो. टिमच्या डोळ्यांत काहीतरी चमकतं, तो उठतो आणि एकटाच नाचू लागतो. म्हाताऱ्या नोक्सला यातलं काहीही कधीच कळत नाही. आल्फ गाव सोडून जातो, तेव्हा सुटलो एकदाचे म्हणत त्याला उलट बरंच वाटतं. तो पोरगा मला आधीपासूनच आवडायचा नाही, म्हणतो.