जॉन लॉर्ड : रॉकमधील ऑर्गनवादक

कारकीर्द एका दृष्टिक्षेपात

इंग्लंडमधील लेस्टर येथे जन्मलेले जॉन लॉर्ड (१९४१–२०१२) हे १९६८ मध्ये स्थापन झालेल्या ‘डीप पर्पल’ या रॉक बँडचे संस्थापक सदस्य व कीबोर्डवादक होत.

• वाद्य : हॅमंड ऑर्गन, म्हणजे फिरत्या धातुचकत्यांच्या साहाय्याने विद्युत्-चुंबकीय पद्धतीने स्वर निर्माण करणारे वाद्य, लॉर्ड यांनी गिटारसाठीच्या मार्शल अँप्लिफायरला जोडले आणि त्यातून निघणारा खरखरीत, भरदार नाद बँडचे गिटारवादक रिची ब्लॅकमोर यांच्या गिटारच्या तोडीस तोड ठरला.

• रचना : बँड व वाद्यवृंद यांच्यासाठी त्यांनी लिहिलेली कॉन्चेर्तो २४ सप्टेंबर १९६९ रोजी लंडनच्या रॉयल अल्बर्ट हॉलमध्ये सादर झाली.

• पुढे : १९७६ मध्ये बँड फुटल्यावर ते ‘व्हाइटस्नेक’ या बँडमध्ये गेले, १९८४ मध्ये ‘डीप पर्पल’मध्ये परतले आणि २००२ मध्ये त्यांची जागा डॉन एअरी यांनी घेतली.