वेदनेचा प्रयोग कोणी करायचा?

गुलामीचा इतिहास रंगवून दाखवावा काय, आणि दाखवायचाच तर कोणी, हा प्रश्न अमेरिकेतील क्रिस्टी कोलमन या कृष्णवर्णीय कलावतीच्या वाटचालीत फार तीव्रतेने उभा राहिला.

व्हर्जिनियातील विल्यम्सबर्ग हे अठराव्या शतकातील राजधानीचे गाव. १९२६ पासून रॉकफेलरच्या पैशाने त्याचा जीर्णोद्धार झाला. जुन्या पोशाखातील नटनटी तेथे त्या काळची माणसे होऊन प्रेक्षकांशी बोलतात. या गावची जवळपास निम्मी वस्ती काळ्यांची, बहुतेक गुलामांची होती. पण वर्षानुवर्षे दाखवले गेले ते गोऱ्या धन्यांचे दिवाणखाने. १९७९ नंतर काळे कलावंत गुलामांच्या भूमिका करू लागले. कोलमन तरुणपणीच त्यांत सामील झाल्या आणि पुढे कृष्णवर्णीयांच्या इतिहासविभागाच्या प्रमुख झाल्या.

१० ऑक्टोबर १९९४ रोजी त्यांनी गुलामांच्या लिलावाचा प्रयोग लावला. विकल्या जाणाऱ्या एका स्त्रीची भूमिका त्यांनी स्वतः केली. आमची विटंबना पर्यटकांची करमणूक होईल, म्हणून नागरी हक्क संघटनांनी निदर्शने केली. हा आक्षेप पोकळ नव्हता. तोंडाला काळे फासून काळ्यांची टिंगल करणारे गोऱ्यांचे खेळ त्या देशात शतकभर चालले होते. कोलमन यांनी जमावाला सांगितले : आधी पाहा, मग निवाडा करा. लिलावात एका जोडप्याची ताटातूट झाली. एका स्वतंत्र काळ्या माणसाने बोली लावून आपलीच बायको विकत घेतली. विरोधकांचे एक नेते जॅक ग्रॅव्हली यांनी प्रयोगानंतर आपले मत बदलले. तरीही तो लिलाव तेथे पुन्हा झाला नाही.

कोलमन पुढे डेट्रॉइट व रिचमंड येथील संग्रहालयांच्या प्रमुख झाल्या. २०२० च्या 'ग्रँट' या माहितीपट-मालिकेत त्या भाष्यकार म्हणून दिसतात. लिलावाच्या ओट्यावरून त्या इतिहासाचा अर्थ सांगणाऱ्याच्या जागी आल्या.

आपल्या चळवळीला हा अनुभव परका नाही. ज्या तमाशात आपल्या माणसांनी गावाची करमणूक केली, त्याचाच बाज घेऊन भीमराव कर्डकांसारख्यांनी आंबेडकरी जलसे उभे केले. फड तोच, पण सूत्रे आपल्या हाती आली आणि हेतू पालटला. म्हणून आपल्यावरचा कोणताही माहितीपट वा प्रयोग पाहताना विचारले पाहिजे : संहिता कोणाची, निर्णय कोणाचा, आणि प्रेक्षक घरी काय घेऊन जातो? केवळ हळहळ घेऊन जात असेल, तर आपली वेदना पुन्हा एकदा लिलावात निघाली असे समजावे.